बंगालकर, मलबारकर, केपकर : केपटाऊनमधले सहा दिवस

शनिवार

विमानतळाच्या दारातून बाहेर पडलो आणि आत्याचा पदर वाऱ्यानं उडून थेट माझ्या तोंडावर आला. नोव्हेंबर संपत आला होता, म्हणजे तिकडचा उन्हाळा सुरू होत होता. या दिवसांत आग्नेयेकडून येणारा हा वारा गावाची हवा साफ करतो म्हणून लोक त्याला ‘केप डॉक्टर’ म्हणतात. आत्यानं आयुष्यभर रत्नागिरीत सरकारी दवाखान्याच्या प्रसूती विभागात नोकरी केली. डॉक्टर म्हटल्यावर तिनं त्या वाऱ्याला माफ केलं.

उतरायची सोय बो-कापमध्ये केली होती. सिग्नल हिलच्या उतारावरची ही रंगीबेरंगी घरांची वस्ती इन्स्टाग्रामवर सगळ्यांनी पाहिलेली असते. आमची घरमालकीण सत्तरीची, केपच्या जुन्या मुस्लिम घराण्यातली. तिला सगळी गल्ली ‘टीटी’ म्हणते, म्हणजे मोठी बहीण. आत्यानं लगेच तिची ‘ताई’ केली आणि ते दोघींनाही आवडलं.

रात्री जेवताना टीटीनं आमच्या आडनावाचा अर्थ विचारला. मी सांगितलं, ते कोकणातल्या एका खाडीकाठच्या गावाचं नाव आहे, त्याला ‘कर’ लागला की झालं आडनाव. ती म्हणाली, “मग तुम्ही पण ‘व्हान’वाले!” केपच्या जुन्या नोंदींत गुलामांची नावं अशीच आहेत : अँजेला व्हान बेंगालेन, कुणी व्हान मलबार, कुणी व्हान बटाव्हिया (आजचं जकार्ता). डच ‘व्हान’ म्हणजे अमुक ठिकाणचा. बंगालकर, मलबारकर. फरक तेवढा मोठा आहे. आपण गाव सोडताना त्याचं नाव आपल्या मर्जीनं बरोबर घेतलं. यांना विकत घेणाऱ्याच्या कारकुनानं वहीत लिहिलं आणि पुष्कळदा ज्या बंदरात जहाजावर चढवलं त्याचंच नाव लिहिलं. त्यांचं खरं गाव कुठलं, हे कुणी विचारलं नाही. पोटी जन्मलेल्या मुलांना मग ‘व्हान डे काप’ लागायचं. केपकर.

मी इथं आले ती याच नावांच्या ओढीनं. डच ईस्ट इंडिया कंपनीनं 1652 मध्ये केपला ठाणं बसवलं. तेव्हापासून 1808 मध्ये गुलामांचा व्यापार बंद होईपर्यंत साधारण 63 हजार माणसं इथं विकायला आणली गेली. ढोबळ मानानं आफ्रिकेचा मुख्य भाग, मादागास्कर, इंडोनेशियाची बेटं आणि आपला भारत, अशा चार वाटण्या. शाळेत आम्हांला यातलं एक अक्षर शिकवलं नव्हतं.

*जाणाऱ्यांसाठी : व्हिसा लागतो, तो वेळेत काढा. नैरोबी किंवा अदिस अबाबामार्गे जाणार असाल तर यलो फीवरच्या लशीचे नियम तिकीट काढण्याआधी बघा. उन्हाळा असला तरी वारा अडवणारं जाकीट हवंच. नळाचं पाणी पिता येतं.*

रविवार

सकाळी सातला टीटीनं दार वाजवलं. हातात कागदी पिशवी आणि त्यात गरमागरम कूसिस्टर. बो-कापमधे रविवारची सकाळ याच्याशिवाय होत नाही. गल्लीत एकदोन घरं करतात आणि बाकीचे डबे घेऊन रांगेत उभे राहतात. लांबट, फुगलेला, तळलेला गोळा, पाकात घोळवून वर खोबऱ्याचा कीस. आत्यानं डोळे मिटून एकेक जिन्नस ओळखला : वेलची, दालचिनी, बडीशेप, संत्र्याची वाळवलेली साल. “साल सोडली तर सगळं आपल्या डब्यात असतं गं,” ती म्हणाली. टीटीच्या जेवणाच्या टेबलावर लोणचं होतं, त्याला ती ‘अचार’च म्हणते. आभार मानायला ‘त्रामाकासी’, तो शब्द मलयचा.

इथले गुलाम एका भाषेचे नव्हते. सुरुवातीच्या काळात तर त्यांना एकमेकांशी बोलायला मोडकी पोर्तुगीज आणि मलय एवढंच होतं. त्याच स्वयंपाकघरांतून आणि गोठ्यांतून डच भाषा वाकत वाकत आफ्रिकान्स झाली. टीटी बोलता बोलता म्हणाली, उद्या तुम्ही स्लेव्ह लॉज, कंपनीचे गुलाम ठेवायची जुनी इमारत, बघायला जाल, ते घर नव्हतं, ‘ट्रोंक’ होता. आत्या चमकली. “तुरुंग?” तुरुंगच. पोर्तुगीज ‘त्रोंको’ या शब्दाचा आपल्याकडे तुरुंग झाला आणि केपला ट्रोंक. एवढ्या लांब येऊन आपला पहिला सख्खा शब्द हा भेटावा, याचं मला फार वाईट वाटलं.

दुपारी डॉर्प स्ट्रीटवरची अव्वल मशीद पाहिली. 1794 पासूनची, दक्षिण आफ्रिकेतली पहिली. पहिले इमाम तुआन गुरू हे इंडोनेशियातल्या तिदोर बेटावरून कैदी म्हणून आणलेले. रॉबेन बेटावर ठेवलं असताना त्यांनी आठवणीतून कुराण लिहून काढलं होतं. मशिदीची जागा मात्र एका कुटुंबाची आहे आणि हे कुटुंब मला जास्त महत्त्वाचं वाटलं. सिलोनहून गुलाम म्हणून आलेला आणि नंतर मोकळा झालेला कोरिडॉन हा केपमधला जागा मालकीची असलेला पहिला मुसलमान. ती जागा पुढे त्याच्या लेकीकडे, सार्ट्ये व्हान डे कापकडे आली आणि तिनं ती मशिदीला दिली. तिचा नवरा अख्मत व्हान बेंगालेन पुढे इथला इमाम झाला. सिलोनकरांची लेक, केपकरीण, बंगालकरांची सून!

अशी लग्नं इमाम लावत, पण डच किंवा इंग्रज सरकारच्या लेखी ती लग्नं नव्हतीच. तरीही गुलाम मोठ्या संख्येनं इस्लामकडे गेले, त्यामागे मालकांचा हिशेबही होता. बाप्तिस्मा झालेल्या गुलामाला विकता येणार नाही असा नियम 1770 मध्ये आला, तेव्हा आपल्या गुलामांना ख्रिस्ती होऊ न देणंच मालकांना परवडत होतं. मग बारशाला, लग्नाला, मयताला माणसाच्या शेजारी उभं कोण राहणार? इमाम उभे राहिले.

संध्याकाळी कोपऱ्यावरच्या किराणा दुकानात गेलो. गल्ल्यावरच्या म्हाताऱ्या गृहस्थांनी आमचं बोलणं ऐकलं आणि विचारलं, “बरा हाय ना?” त्यांचे आजोबा रायगडच्या एका गावातून आलेले. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटापासून रत्नागिरी-रायगडचे कोकणी मुसलमान स्वतः तिकीट काढून इथं आले, दुकानं टाकली आणि गावी पैसे पाठवत राहिले. गुलामीशी त्यांचा संबंध नाही आणि चाचांनीही ते स्पष्ट सांगितलं. आत्या आणि ते अर्धा तास सोलकढीवर बोलले.

*सूचना : बो-कापमधली घरं ही लोकांची राहती घरं आहेत. ओट्यावर चढून फोटो काढू नका, आधी विचारा. मशिदीत नमाजाच्या वेळा सोडून जा, डोक्यावर ओढणी घ्या. अंधार पडल्यावर मध्य भागात पायी फिरू नका, उबर स्वस्त पडते.*

सोमवार

स्लेव्ह लॉज रविवारी बंद असतं, म्हणून हा दिवस त्यासाठी राखला होता. अॅडर्ली आणि वेल स्ट्रीटच्या कोपऱ्यावर, कंपनीच्या बागेला लागून. आजची इमारत पांढरीशुभ्र आणि देखणी आहे, कारण 1811 नंतर गुलामांना हलवून तिथं सरकारी कचेऱ्या आणि कोर्ट आलं. 1679 मध्ये बांधली तेव्हा बाहेरच्या भिंतीला खिडक्या नव्हत्या, जे काही झरोके होते ते आतल्या चौकाकडे. कंपनीच्या मालकीचे गुलाम इथं राहत : पुरुष, बायका, मुलं, म्हातारी, वेडी झालेली. एका वेळी पाचशेच्या आसपास.

आत एक अंधारी खोली आहे. मधे प्रकाशाचा खांब आणि त्यावर कोरलेली नावं. तिथं एका प्राथमिक शाळेची सहल आली होती. त्यांच्या बाईंचं आडनाव चक्क एका महिन्याचं होतं. गुलाम विकत घेतला की मालक त्याचं नाव बदलत आणि पुष्कळदा महिन्याचंच नाव ठेवत. एप्रिल, सप्टेंबर, ऑक्टोबर ही आज इथली चारचौघांसारखी आडनावं आहेत. बाई मुलांना म्हणाल्या, “लाज वाटायची असेल तर नाव देणाऱ्याला वाटू दे.”

आत्या मात्र एकाच गोष्टीपाशी अडली होती. “बाळंतपणं कुठं व्हायची इथं?” तिनं मला विचारलं, मग तिथल्या सेवकाला, मग पुन्हा मला. बायका याच चार भिंतींत बाळंत होत, मुलं इथंच वाढत आणि ती जन्मतःच कंपनीची होत. कायदा सरळ होता, मूल आईच्या दर्जाला जाणार. बाप कोण, हे विचारायची कायद्याला गरजच नव्हती. आणि बाप कोण होते? रोज रात्री ठरावीक वेळ लॉजचं दार सैनिक आणि खलाशांसाठी उघडं असे. गावात हे सगळ्यांना ठाऊक होतं. चर्च इथून शंभर पावलांवर.

1685 मध्ये कंपनीचा एक बडा अधिकारी तपासणीला आला. त्यानं मोजलं, तेव्हा लॉजमधल्या बारा वर्षांखालच्या 92 मुलांपैकी 57 मुलांचे बाप गोरे निघाले. तपासणाऱ्याचं नाव वाचलं आणि मी जागीच उभी राहिले. हेंड्रिक व्हान रेडे. हा मला माहीत होता! कोचीचा डच कमांडर, मलबारच्या वनस्पतींवरच्या ‘हॉर्टस मलबारिकस’ या बारा खंडांच्या ग्रंथाचा कर्ता. त्याच्या पहिल्या खंडात रंगभट, विनायक पंडित आणि अप्पूभट या तीन कोकणी वैद्यांचं 1675 सालचं प्रशस्तिपत्र छापलेलं आहे, कोकणी भाषेत आणि देवनागरी लिपीत. त्या पानाचा फोटो मी वर्गात मुलांना कौतुकानं दाखवत आले आहे. एकेका पानाची शीर अन् शीर काढून घेणारा हा माणूस दहा वर्षांनी इथं, या चौकात, पोरांची डोकी मोजत उभा होता.

त्यानं अस्वस्थ होऊन काही नियम केले, हे खरं. गोऱ्या बापाच्या मुलाला पंचविसाव्या वर्षी आणि मुलीला बाविसाव्या वर्षी सुटका मागता येईल. अट एवढीच की डच यायला हवं आणि चर्चनं पदरी घेतलेलं हवं. मुलांना शिकवायचं, तेही ठरलं. पण ज्यांचे आईबाप दोघंही गुलाम, त्यांना यातलं काही नाही. एकाच चटईवर झोपणाऱ्या दोन भावंडांत, आई तीच असताना, एक सुटणार आणि दुसरं राहणार. शिवाय अस्सल गुलाम, म्हणजे आईबाप दोघंही गुलाम असलेल्या बाईशी युरोपीय माणसानं लग्न करायचं नाही, हेही त्यानंच लिहिलं. मी त्या पानाचा फोटो यापुढेही वर्गात दाखवीन, पण या 92 मुलांसकट.

बाहेर येऊन आत्या बराच वेळ बागेतल्या बाकावर बसून होती. तिनं नोकरीत हजारो जन्म नोंदवले. “बापाचं नाव सांगितलं नाही तरी आईचं नाव नीट लिहायचं, स्पेलिंगसकट, असा माझा दंडक होता,” एवढंच बोलली.

मागे स्पिन स्ट्रीटवर, रस्त्याच्या मधल्या दुभाजकावर, एक खूण आहे. तिथं एक झाड होतं आणि त्याखाली गुलामांचे लिलाव होत असं सांगतात. झाड 1916 मध्ये तोडलं. लिलाव बहुधा मालक मेल्यावर होत. वारसांना वाटणी सोपी जावी म्हणून खुर्च्या-गाईंबरोबर माणसं मांडायची. एका घरात वीस वर्षं एकमेकांची म्हणून राहिलेली जोडपी अशा एका सकाळी दोन वाटांनी जात. शेजारच्या चर्च स्क्वेअरमधे 2008 मध्ये बसवलेले काळ्या ग्रॅनाइटचे 11 ठोकळे आहेत. दोनांवर गुलामांची नावं, बाकीच्यांवर त्यांच्या जगण्यातले शब्द. मालक शेजारच्या ग्रोट कर्क या चर्चमधे प्रवचन ऐकत तेव्हा गुलाम याच चौकात त्यांची वाट पाहत थांबत. आम्ही गेलो तेव्हा ऑफिसातली मुलं त्या दगडांवर बसून डबा खात होती. मला आधी खटकलं. आत्याला नाही. ती पण बसली आणि पिशवीतला उरलेला कूसिस्टर काढला.

मंगळवार

वाऱ्यामुळे टेबल माउंटनची केबल कार बंद. तिकीट आधी काढू नका, सकाळी बघून काढा.

त्याऐवजी ग्रोट कॉन्स्टान्शिया, गावापासून अर्ध्या तासावरचा जुना द्राक्षमळा. उंच गेबल, ओकची झाडं, डोंगरापर्यंत वेलींच्या रांगा. इथली वाईन सेंट हेलेनावर नेपोलियनला जायची. 1685 च्या त्याच फेरीत व्हान रेडेनं ही जमीन गव्हर्नर सायमन व्हान डेर स्टेलला दिली. या गव्हर्नरची आजी भारताच्या किनाऱ्यावरची मोनिका नावाची गुलाम बाई होती.

आणि याच घरात पुढे आन्ना डे कोनिंग राहिली. तिची आई म्हणजेच ती अँजेला व्हान बेंगालेन, माझी बंगालकर. ठाणं वसवणाऱ्या यान व्हान रिबेकच्या घरची गुलाम, मग त्याच्या हाताखालच्या अधिकाऱ्याला विकलेली. त्यानं 1666 मध्ये तिला मुलांसकट मोकळं केलं. तिला गावात जागा मिळाली, 1669 मध्ये तिनं आर्नोल्डस बासोनशी लग्न केलं आणि मरेपर्यंत तिनं चांगली मालमत्ता केली. लोक तिला ‘माय अन्सेला’ म्हणत. गोऱ्या आफ्रिकानर घराण्यांतल्या कितीतरी वंशावळी आज तिच्यापाशी जाऊन थांबतात. तिची लेक आन्ना ओलोफ बेर्ग या कॅप्टनशी लग्न करून कॉन्स्टान्शियाची मालकीण झाली. आईबरोबर ती लहानपणी गुलामीतून सुटली होती, पण तिच्या स्वतःच्या मालमत्तेत गुलाम होते. मी हे आत्याला सांगितलं. तिला ते पटेना, आणि पटू नये असंच मला वाटतं.

या घराचं संग्रहालय आता गुलामांच्या नजरेतूनही मांडलं आहे. मालक आपल्या गुलामांसकट सगळ्या गोतावळ्याला कुटुंब समजत आणि बोलण्यात तसं म्हणतही. पुरुषाला म्हातारा झाला तरी ‘योंग’, म्हणजे पोऱ्या. गुलाम बायका मालकिणीच्या तान्ह्यांना अंगावर पाजत आणि त्यांची स्वतःची मुलं मागच्या खोलीत. सांभाळणाऱ्या बाईला आफ्रिकान्समधे ‘आया’ म्हणतात. तोच शब्द, पोर्तुगीजांनीच दोन्हीकडे नेलेला. आपल्याकडे मुंबईच्या बंगल्यांतून तो किती मायेनं म्हटला जातो. इथं त्या मायेवर मालकी हक्क होता, म्हणून ‘ती तर घरातलीच होती’ हे वाक्य मला तिथं ऐकवेना.

*सूचना : वाईन प्यायची नसेल तरी कॉन्स्टान्शिया बघा, दोन तास ठेवा. शाकाहाऱ्यांची अडचण होत नाही, पण बोबोटी हा इथला गोडसर भाजलेला पदार्थ मागताना त्यात खिमा असतो हे लक्षात घ्या. मसूराची मिळते.*

बुधवार

ठरवलेली गाडी दीड तास उशिरा आली आणि चालकाला रस्ता माहीत नव्हता, त्यामुळे फेर्‍हेलेगनला जेमतेम एक तास मिळाला. सायमनचा मुलगा विलेम आद्रियानची ही जहागीर. 1700 च्या सुमाराचे पाच प्रचंड कापूरवृक्ष अजून उभे आहेत. पान चुरगाळलं की देव्हाऱ्याचा वास येतो.

इथल्या गुलामांच्या राहत्या इमारतीच्या जागी उत्खनन झालं, तेव्हा जमिनीखाली एका बाईचा सांगाडा मिळाला, पेटीत नीट ठेवलेला. हाडांच्या तपासणीवरून कळलं की ती लहानपणी उष्ण प्रदेशात वाढली आणि पुढे केपला आली. नाव नाही, गाव नाही. पण ज्यांच्याबरोबर ती राहत होती त्यांनी तिला लांब टाकलं नाही, आपल्याच जमिनीखाली, पायाशी ठेवलं. आत्यानं कापराचं एक गळलेलं पान उचलून पर्समधे ठेवलं.

गुरुवार

शेवटचा दिवस खेनाडेंदालला, गावापासून सव्वाशे-दीडशे किलोमीटर. डोंगर ओलांडला की गव्हाची पिवळी शेतं सुरू होतात. वारा थांबला होता आणि ऊन कडक होतं.

1823 मध्ये इंग्रज गव्हर्नर सॉमरसेटच्या जाहीरनाम्यानं ख्रिस्ती गुलामांच्या लग्नाला पहिल्यांदा कायद्याची मान्यता मिळाली. दहा वर्षांखालचं मूल आईपासून तोडून विकायला बंदी आली. म्हणजे त्याआधीची पावणेदोनशे वर्षं तेवढंही नव्हतं. 1 डिसेंबर 1834 ला इंग्रजांनी गुलामी संपवली, तेव्हा केपला साधारण 36 हजार गुलाम होते. भरपाई मालकांना मिळाली, सुमारे 12 लाख पौंड. सुटलेल्यांना चार वर्षांची सक्तीची ‘उमेदवारी’, त्याच मालकाकडे. खरी सुटका 1 डिसेंबर 1838 ची.

त्या दिवसानंतर माणसं पहिल्यांदा काय करतात? आपली माणसं गोळा करतात. एका शेतावरून बायको, दुसऱ्यावरून मुलगी, तिसऱ्यावरून म्हातारी. ज्यांना जमलं ती इथं, मोराव्हियन मिशनऱ्यांच्या या गावात आली, कारण इथं स्वतःचं खोपटं आणि भाजीचा वाफा मिळत होता. मिशनचे नियम कडक होते. चर्चमधलं लग्न, घंटेवर उठणं, दारू नाही. तरी लोक आले. पुष्कळ बायकांनी मालकाच्या घरी राहून काम करायला नकार दिला, सुगीपुरत्या जायच्या आणि परत यायच्या. स्वतःच्या चुलीपाशी बसणं ही त्यांच्या लेखी स्वातंत्र्यातली पहिली गोष्ट होती.

गाव लहान आहे. पांढऱ्या भिंती, गवताची छपरं, ओकच्या सावलीतला चौक, जुनी घंटा. मंडेलांनी केपटाऊनमधल्या आपल्या सरकारी निवासस्थानाला या गावाचं नाव दिलं. चहाच्या दुकानातल्या बाईंनी घरचा पाव आणि जर्दाळूचा जॅम दिला. आपली खापरपणजी चार मुलांना घेऊन चालत आली होती, असं त्या सांगत होत्या. “किती दिवस चालली?” आत्यानं विचारलं. “ते नाही सांगत कुणी. पण धाकटं कडेवर होतं, ते सांगतात.”

*सूचना : खेनाडेंदालला दुपारी लवकर पोचा, संग्रहालय चारच्या पुढे भरवशाचं नाही. रविवारी जाऊ नका. रोख पैसे जवळ ठेवा.*

रात्री सामान बांधताना टीटी डबा घेऊन आली. समारंभातून पाहुण्याबरोबर घरी द्यायच्या खाण्याला ते ‘बरकत’ म्हणतात. आत्यानं कूसिस्टरची कृती मराठीत लिहून घेतली, मोजमाप आपल्या वाटीचं. मग टीटीनं वही स्वतःकडे ओढली आणि म्हणाली, तुमच्या अक्षरात माझ्या घरचं एक नाव लिहून दे, सगळ्यात जुनं, जिथपर्यंत आम्हांला माहीत आहे तिथपर्यंतचं. तिनं एका बाईचं नाव सांगितलं. आत्यानं ते दोनदा उच्चारून घेतलं, वेलांटी विचारावी तसं एकेक अक्षर विचारलं आणि मोठ्या अक्षरांत लिहिलं.

“आणि आडनाव?”

“व्हान डे काप.”

आत्या क्षणभर थांबली. मग नावापुढे तिनं लिहिलं, ‘केपकर’.